सपाट झालेल्या डोंगराचा माहितीपट

माहितीपटाचं पहिलं वाक्य डोंगर पाहण्याच्या आधीच लिहून तयार होतं.

निवेदन: जिथे दगडालाही घाम फुटतो, तिथे माणूस मात्र हसतो.

वाक्य वरच्या मजल्यावरच्या निवृत्त प्राध्यापकांचं. त्यांनी ते जिन्यात, मुख्य लिपिकांच्या दारासमोर उभं राहून निरनिराळ्या आवाजांत म्हणून दाखवलं. शेवटच्या आवाजाला तळमजल्यावरचं तान्हं मूल जागं झालं. मुख्य लिपिक "वा!" म्हणाले. खरं तर त्यांना विचारायचं होतं, की दगडाला घाम फुटतो तो नेमका कुठून? पाणीपुरवठा खात्यात जन्म काढलेल्या माणसाला असे प्रश्न पडतात. आणि ते प्रश्न तो विचारत नाही म्हणूनच त्याचा जन्म त्या खात्यात निघतो.

माहितीपटाची हौस मुख्य लिपिकांची नव्हती. ती मोठ्या साहेबांची. खात्याचा वार्षिक समारंभ जवळ आला होता आणि साहेबांना दरवर्षीचं भाषण-हारतुरे-चहा नको होतं. "आपल्या खडकाळ विभागावर एक छोटा माहितीपट करा," ते बैठकीत म्हणाले. "काहीतरी रांगडं पाहिजे. कडे, दऱ्या, रापलेले चेहरे. मातीचा वास आला पाहिजे. आणि त्या सगळ्यात आपलं खातं."

बैठकीतले बाकीचे लोक मातीचा वास आल्यासारखं तोंड करून बसले. मुख्य लिपिक मात्र उभे राहिले. का उभे राहिले, ते सांगायला हवं, कारण पुढचं सगळं त्या उभं राहण्यातून झालं.

समारंभानंतर बदल्यांचे हुकूम निघायचे होते. खडकाळ विभागातली मुख्य लिपिकाची खुर्ची रिकामी होती, आणि ती भरायला ज्येष्ठतेनं दोनच माणसं उरली होती: एक हे, दुसरा आवक-जावक विभागाचा प्रमुख, ज्याला सगळं कार्यालय नुसतं 'जावक' म्हणे. खडकाळ विभाग म्हणजे खात्याचा अंदमान. साहेबांची कुणावर मर्जी फिरली की ते नकाशावरच्या त्या तपकिरी डागाकडे नुसतं बघत, आणि समोरचा माणूस घामाघूम होई. तिथे गेलेला माणूस एक तर दमा घेऊन परत येतो नाही तर कविता, असं बोललं जाई. बोलणाऱ्यांपैकी कुणी तिथे गेलेलं नव्हतं.

मुख्य लिपिकांचा हिशेब साधा होता. जो माणूस साहेबांचा चित्रपट करून देतो, त्याला साहेब डोळ्यांआड कशाला करतील?

"अहो, तुम्हाला वाढदिवसाचा फोटो धड काढता येत नाही," बायको म्हणाली. "दर वेळी माझं डोकं कापता."

"डोंगराचं डोकं मोठं असतं. कापलं तरी उरतं."

"डोंगराचं राहू द्या. बदली झालीच, तर एकटे जायचं. मी त्या खडकात येणार नाही. आत्ताच सांगून ठेवते, नंतर म्हणू नका बोलली नाहीस म्हणून."

कॅमेऱ्याचा प्रश्न बायकोच्या धाकट्या भावानं सोडवला. हा मेव्हणा लग्नांचं शूटिंग करी. धंदा जोरात होता. त्याच्याकडे दोन कॅमेरे, एक उडणारा कॅमेरा आणि भावनांविषयी ठाम मतं होती. "भावजी, काळजीच करू नका. डोंगराची एन्ट्री आपण स्लो मोशनमध्ये घेऊ."

ही बातमी इमारतीत पसरायला वेळ लागला नाही. इमारतीसमोरचा रस्ता पाइप घालण्यासाठी गेल्या वर्षीपासून उखडलेला होता, त्यामुळे लोक पूर्वीसारखे फिरायला जात नसत. जिन्यात उभं राहून दुसऱ्याच्या कामात लक्ष घालण्याचा व्यायाम करत. (रस्ता कुणी उखडला होता हे मुख्य लिपिकांना जिन्यात कुणी विचारत नसे, आणि हे त्या लोकांचे उपकारच म्हणायचे, कारण तो त्यांच्याच खात्यानं उखडला होता.) समोरच्या दारातले विमा एजंट म्हणाले, "एक रडणारी म्हातारी पाहिजेच. म्हातारी नसेल तर बक्षीस विसरा." प्राध्यापकांना एकटं झाड हवं होतं. "पानं असलेलं नको. पानांनी आशय पातळ होतो."

मुख्य लिपिकांनी दोन्ही लिहून घेतलं आणि दौऱ्याची परवानगी रीतसर, योग्य त्या पायऱ्यांनी, खालच्या कार्यालयामार्फत मागितली.

इथे चुकलं. पण ही चूक खात्यातल्या माणसाला चूक म्हणून दिसूच शकत नाही. माणूस रीतसर वागला, इतकंच.

*

जीपमध्ये पुढे मुख्य लिपिक, मागे मेव्हणा, त्याच्या पेट्या आणि बायको. बायको का आली? तर, "न बघता नाही म्हटलं की तुम्ही म्हणणार हट्टी आहे. बघून नाही म्हणते."

खडकाळ विभागाची पाटी लागली तसा मेव्हण्यानं कॅमेरा खिडकीबाहेर काढला. जीपला हादरे बसतील म्हणून त्यानं तो दोन्ही हातांनी घट्ट धरला होता. हादरे बसेनात. रस्ता काळाभोर, गुळगुळीत, नुकत्याच पुसलेल्या फरशीसारखा. दोन्ही बाजूंचे दगड चुन्यानं रंगवलेले. एका वळणावर जिथे कडा असावा असं वाटत होतं, तिथे तासलेला उतार, पायऱ्या आणि धरायला लोखंडी कठडा होता.

"भावजी," मेव्हणा हळूच म्हणाला, "हे आपल्या हॉलच्या लॉनसारखं दिसतंय."

गाव वाट पाहत उभं होतं. उभं म्हणजे ओळीत. उंच माणसं मागे, बुटकी पुढे, सगळ्यांचे कपडे इस्त्रीचे, केसांना पाणी लावून भांग, आणि सगळे श्वास रोखून समोर बघत होते. मेव्हण्याला हे दृश्य ओळखीचं वाटलं. त्यानं सवयीनं "जरा जवळ या, जवळ या, स्माईल!" असं ओरडून फोटो काढलाही.

गावच्या प्रमुख बाई पुढे आल्या. धिप्पाड, हसऱ्या, हातात घड्याळ. "या साहेब! वरून माणसं येणार म्हणून खालच्या ऑफिसातून निरोप आला. म्हटलं, साहेबांच्या पायाला खडा टोचायला नको. मशीन लावून सगळं सपाट करून घेतलं."

"सगळं?"

"राहिलं असेल तर सांगा. मशीन अजून इथेच आहे."

मुख्य लिपिकांना मशीनखाली झोपावंसं वाटलं. पण त्यांनी स्वतःला सावरलं. डोंगर गेला तर गेला, माणसं आहेत. "मला जरा, काय आहे, जुनं, पारंपरिक, असं जगणं पाहिजे. खडतर. बायका पाणी बिणी कुठून आणतात?"

"या दाखवते," प्रमुख बाई म्हणाल्या आणि त्यांना सरळ एका स्वयंपाकघरात घेऊन गेल्या. भिंतीला नळ होता. त्यांनी तो सोडला. पाणी असं फाडकन आलं, की समोरच्या मोरीच्या कडेवर आपटून मुख्य लिपिकांचा शर्ट भिजला. "दिवसभर असतं. तुमच्याच खात्याची कृपा."

हे ऐकून त्यांना अभिमान वाटायला हवा होता. खात्यानं कुठेतरी पाणी पोचवल्याचा पुरावा ते प्रथमच अंगावर घेत होते. पण त्यांचं लक्ष बायकोकडे गेलं. ती नळाकडे बघत होती. त्या नजरेनं तिनं लग्नाच्या दिवशीसुद्धा त्यांच्याकडे बघितलं नव्हतं. मग ती प्रमुख बाईंना म्हणाली, "मी जरा अंघोळ करू का?" केस धुऊन आली. थोड्या वेळानं म्हणाली, "प्रवासाची धूळ बरीच होती," आणि पुन्हा गेली.

रडणारी म्हातारी मिळाली, पण तिनं नुकतीच दातांची नवी कवळी बसवली होती आणि ती दाखवल्याशिवाय तिला राहवत नव्हतं.

"आजी, जुने दिवस आठवा. दुष्काळ. उपास."

"आठवले की!" म्हातारी सगळे दात काढून म्हणाली. "बरं झालं संपले."

"कुणी गेलं असेल ना तुमचं? जवळचं?"

"नवरा गेला," म्हातारी म्हणाली आणि जास्तच हसली.

मेव्हण्यानं कॅमेरा खाली ठेवला. "भावजी, हिच्यावर दुःखाचं म्युझिक टाकलं तर लोक मला मारतील."

शेवटचा उपाय म्हणून मुख्य लिपिकांनी प्रमुख बाईंना बाजूला घेतलं. "इथे एक मोठा डोंगर होता ना? नकाशात आहे. काळा, सुळक्यांचा. तो कुठे आहे?"

"तो पलीकडचा? त्याची खडी झाली."

"कसली खडी?"

"दगडाची. यंत्र बसलंय ना तिकडे. वर्ष झालं, ट्रक भरून तुमच्याकडेच जाते. रस्त्यांना, पाइपांना. चांगला दगड हो. तुमच्या तिथे बघितला नाही का?"

*

परत आले तेव्हा मुख्य लिपिक आपल्या इमारतीसमोर जीपमधून उतरले आणि खडीच्या ढिगावर पाय घसरून गुडघ्यावर पडले.

गुडघा चोळत ते तसेच बसून राहिले. ढीग त्यांच्या डोळ्यांसमोर होता. काळा, टोकदार, वर जाणारा. पलीकडे खणलेला चर, खोल, तळाशी हिरवं पाणी. चराच्या पलीकडे रस्ता नव्हता, नुसते उंचवटे. इतकं रांगडं दृश्य त्यांनी सबंध खडकाळ विभागात पाहिलं नव्हतं.

"हे खोटं नाही," ते मेव्हण्याला म्हणाले. "लक्षात घे. दगड तिथलाच आहे. फक्त जागा बदललीय. शासकीय भाषेत याला बदलीच म्हणतात."

पडद्यावर: अथांग पर्वतरांग. सुळक्यामागून सूर्य उगवतो.
पडद्यामागे: खडीचा ढीग. मेव्हणा पोटावर आडवा. विमा एजंट एका कुत्र्याला धरून ठेवतात, कारण कुत्रं मधे आलं की पर्वताची पुन्हा खडी होते.

पडद्यावर: भीषण दरी. काठावर एक वृद्ध गुराखी क्षितिजाकडे बघतो.
पडद्यामागे: चर. प्राध्यापक, अंगावर जुनी चादर. चष्मा काढायला तयार नाहीत. "गुराख्याची नजर अधू नसते असं कुणी सांगितलं?" काढल्यावर क्षितिज कुठल्या बाजूला आहे ते दिसेना, म्हणून त्यांना खांदे धरून वळवावं लागलं.

पडद्यावर: कष्टानं पिचलेला मजूर.
पडद्यामागे: विमा एजंट, बिनपगारी. गालाला चिखल. चिखल प्राध्यापकांना जास्त लावला यावरून भांडण. "मी मजूर आहे की ते? मजुराला जास्त लागतो!" भांडणात दोघांचेही चेहरे इतके कडवट झाले, की मेव्हण्यानं तेच ठेवलं.

इमारतीला कामच मिळालं. गच्चीवरून सूचना येऊ लागल्या. वर्षभर ज्या चराला शिव्या देत लोक फळीवरून जीव मुठीत धरून जायचे, त्याच चरात उतरायला आता माणसं नंबर लावू लागली. ज्यांना काम मिळालं नाही ते म्हणू लागले, की हे काही खरे गरीब वाटत नाहीत.

तेवढ्यात पाण्याचा टँकर आला; रस्ता उखडल्यापासून इमारतीचे नळ कोरडेच होते.

टँकर आला की अभिनय संपतो. प्राध्यापक चादरीसकट धावले. बादल्या वाजल्या, कुणी कुणाचा पाइप ओढला, कुणी कुणाचं मागचं काढलं. मुख्य लिपिक "थांबा, कट, कट!" ओरडत राहिले. मेव्हण्यानं मात्र कॅमेरा बंद केला नाही. त्याच्या कॅमेऱ्यात एक बाई आली. दोन्ही हातांत भरलेल्या बादल्या, ओला पदर दातांत धरलेला, चरावरच्या हलत्या फळीवरून एकेक पाऊल टाकत येणारी. मधोमध फळी वाकली. बाई थांबली. पाणी सांडू दिलं नाही. मग पुढे आली.

"ताई," मेव्हणा पुटपुटला. पण चित्रण झालं होतं, आणि सबंध माहितीपटात इतकं चांगलं दुसरं काही नव्हतं.

*

समारंभाला सभागृह भरलं होतं. पहिल्या रांगेत साहेब. त्यांच्या शेजारी, खास पाहुणे म्हणून, खडकाळ विभागातल्या त्या गावच्या प्रमुख बाई आणि ती कवळीवाली म्हातारी. त्यांना बोलावल्याचं मुख्य लिपिकांना तिथे गेल्यावर कळलं. बोलावण्याचं पत्र जावकनं पाठवलं होतं. जावकच तो, त्याचं कामच ते.

मुख्य लिपिक मागच्या रांगेत जाऊन बसले. बायको शेजारी बसली होती. मेव्हणा यंत्रापाशी.

पर्वतरांग उगवली. गुराखी क्षितिजाकडे बघू लागला. मग पडद्यावर ती बाई आली, दोन मजल्यांएवढी, बादल्या घेऊन, फळीवर. आणि प्राध्यापकांचा आवाज घुमला.

निवेदन: हिला दुसरं जग ठाऊक नाही. हिच्या अपेक्षाच थोड्या. म्हणूनच ही सुखी आहे.

सभागृहातून एक लांबलचक "अरेरे" निघाला. बायकोच्या उजवीकडची एक बाई डोळे पुसत तिलाच म्हणाली, "कसं जगतात हो हे लोक! आपण किती नशीबवान."

मुख्य लिपिकांनी तिच्याकडे बघायचं टाळलं, पण टाळलेलं माणूस किती जवळ बसलेलं असतं ते त्यांना कळत होतं.

दिवे लागले. म्हातारी हुंदके देऊन रडत होती. कवळी काढून तिनं रुमालात बांधली होती. प्रमुख बाई उठल्या आणि माईकपाशी गेल्या. मुख्य लिपिकांनी खुर्चीचे हात धरले.

"हे गाव कुठलं ते मला ओळखू आलं नाही," प्रमुख बाई म्हणाल्या.

साहेब पुढे सरकून बसले.

"आमच्याच भागातलं आहे म्हणतात, तर असेल. आमच्या मागे, आत, कुणी असं राहतंय आणि आम्हाला पत्ता नाही, याची लाज वाटली. त्या फळीवरच्या बाईला सांगा, माझ्या घरी दोन खोल्या रिकाम्या आहेत. यायचं आणि राहायचं."

टाळ्या थांबेनात. साहेबांनी डोळ्यांना रुमाल लावला आणि मंचावर येऊन जाहीर केलं, की असा संवेदनशील माणूस आपण मुख्य कार्यालयातून हलवणार नाही. खडकाळ विभागात जावक जाईल.

मुख्य लिपिकांचा जीव भांड्यात पडला. जावक टाळ्या वाजवत होता, हे त्यांना जरा खटकलं.

*

"बदली करून घ्या," घरी आल्यावर बायको म्हणाली. चपला काढण्याच्या आधी.

"अगं, पण तूच म्हणालीस ना, एकटे जा?"

"तेव्हा मी बघितलं नव्हतं."

"तिथे खडक आहे, खडक!"

"तिथे नळ आहे. खडक इथे आहे. आणि ऐका, 'हिच्या अपेक्षाच थोड्या' हे कुणाचं वाक्य?"

"प्राध्यापकांचं."

"तुम्ही कापलं का नाही? माझं डोकं कापता तेवढं?"

ते वाक्य मुख्य लिपिकांना आवडलं होतं. हे त्यांनी सांगितलं नाही, पण इतक्या वर्षांच्या संसारात न सांगितलेलंच आधी पोचतं. बायको जेवली आणि भिंतीकडे तोंड करून झोपली. दुसऱ्या दिवशी तिनं प्रमुख बाईंना फोन करून दोन खोल्यांना खिडक्या किती ते विचारलं.

मुख्य लिपिकांनी साहेबांना विनंती केली. साहेब हसले. "तुम्हाला तिथे पाठवू? अहो, मी ते चित्र पाहिलंय. तिथे माणूस राहतो का? माझ्या माणसाला मी त्या नरकात नाही टाकणार."

आता एकच मार्ग होता, आणि त्याचा विचार करता करता मुख्य लिपिकांना स्वतःच्या हुशारीचं कौतुक वाटू लागलं. खरं सांगून टाकायचं. साहेब भडकतील. साहेब भडकले की काय करतात? तपकिरी डागाकडे बघतात. म्हणजे शिक्षा म्हणून बदली, आणि बदली म्हणजे नळ. प्रामाणिकपणाचा इतका थेट फायदा खात्यात आजवर कुणाला झाला नसेल.

ते छाती काढून केबिनमध्ये शिरले. "साहेब, तो माहितीपट खोटा आहे. खडकाळ विभाग सपाट आहे. चित्रण माझ्या घरासमोरच्या रस्त्यावर केलंय. ती फळीवरची बाई माझी बायको आहे. मी शिक्षेला तयार आहे."

साहेबांनी नकाशाकडे बघितलंच नाही.

"तुमच्या घरासमोरचा रस्ता," ते म्हणाले. "म्हणजे आपण खणलेला?"

"हो साहेब."

"पुढच्या महिन्यात बुजवणार होतो तो?"

"होय साहेब."

"मग आता कसा बुजवणार?" साहेब उठून येरझाऱ्या घालू लागले. "चित्रपट वर पोचलाय. तिथले सगळे रडले. त्या गावासाठी खास योजना मंजूर झालीय. वरची मंडळी स्वतः बघायला येणार आहेत, कधी ते कळवतील. आणि त्यांना काय दाखवू? सपाट रस्ता? नळ?" ते थांबले. मुख्य लिपिकांच्या खांद्यावर त्यांनी हात ठेवला. "बरं झालं वेळेवर बोललात. ते येईपर्यंत एक खडाही हलता कामा नये. तो चर, ती फळी, तो टँकर, सगळं जसंच्या तसं. आणि त्यावर लक्ष ठेवायला जबाबदार माणूस लागेल. तिथलाच. माहितगार."

"पण साहेब, शिक्षा—"

"तुमची इच्छा होती ना खडकाळ विभागात जायची? झाली म्हणा."

हुकूम त्याच दिवशी निघाला. जावकनं जाता जाता, सामानाच्या ट्रकमध्ये बसण्यापूर्वी, तो स्वतःच्या हातानं आणून दिला आणि मनापासून अभिनंदन केलं.

मुख्य लिपिक फळीवरून घरी आले. बायको बॅगा भरून दारात उभी होती. नवऱ्याच्या हातातला कागद बघून तिच्या चेहऱ्यावर तो नळाच्या वेळचा उजेड आला.

"झाली?"

"झाली."

"खडकाळ विभाग?"

"खडकाळ विभागच."

"कधी निघायचं?"

मुख्य लिपिकांनी खिडकीबाहेर बोट केलं. बायकोनं कागद घेतला, वाचला, पुन्हा वाचला. खाली टँकरनं भोंगा दिला. प्राध्यापक जिन्यातून बादली आपटत धावले, त्यांच्यामागून विमा एजंट.

बायकोनं बॅग उचलली, खांद्याला लावली. स्वयंपाकघरात गेली, दोन्ही बादल्या आणल्या आणि नवऱ्याच्या दोन्ही हातांत दिल्या.

"माझं बोलणं झालंय तिकडे, दोन खोल्यांचं," ती म्हणाली. "तुम्ही जा. कामावर रुजू व्हा."